छबूबाईचं पिठलं

चिंचदऱ्याच्या छबूबाईच्या हाताला गुण आहे, हे पारनेरच्या बाजारात कुणालाही विचारलं असतं तरी त्यानं सांगितलं असतं. गुण म्हणजे चव नव्हे. चव पुष्कळ बायकांच्या हाताला असते. छबूबाई जे रांधायची ते माणसाच्या आत उतरून काम करायचं. तिच्या बाजरीच्या भाकरीनं झोप लागायची, पिठल्यानं राग उतरायचा, हुलग्याचं माडगं प्यायलं की भ्यालेल्या माणसाला धीर यायचा. नऊ वर्षं एकमेकांचं तोंड न पाहिलेले पारनेरचे दोन सख्खे भाऊ तिनं एका ताटात शेंगोळे वाढून बोलते केले होते. जेवण संपायच्या आत धाकटा थोरल्याच्या गळ्यात पडून रडत होता.

अशा बाईला त्या भागात गुणकरीण म्हणत. छबूबाई हे सगळं सासूकडून, राहीबाईकडून शिकली. अकरा वर्षं लागली. पहिली तीन वर्षं तर म्हातारीनं तिला फक्त चूल पेटवायला आणि विझवायला ठेवलं होतं. नेम कडक होते. चुलीत जाळ घातल्यापासून भांडं खाली उतरेपर्यंत तोंडातून शब्द काढायचा नाही. मीठ डाव्या हातानं आणि एकदाच. गुणाच्या अन्नाची चव बघायची नाही, त्यातलं स्वतः खायचं नाही, त्याबद्दल कुणाकडून काही घ्यायचं नाही, आणि घरच्या माणसाला ते वाढायचं नाही.

या सगळ्याच्या मुळाशी एकच गोष्ट होती. राहीबाई ती पुन्हा पुन्हा सांगायची.

“जे तुझ्यात हाय तेच उतरंल. आन् उतरलं की तुझ्यातनं जाईल, दुसऱ्या दिवशी सूर्य उगवंपतूर. म्हणून पोटात काई वाकडं असलं तर चुलीला हात लावायचा न्हाई. तू मनात काय धरलंयस ते चूल बघत न्हाई. तुझ्यात काय भरलंय ते बघती.”

म्हणजे झोपेची भाकरी केली की छबूबाईचा स्वतःचा डोळा लागत नसे. कुणाच्या भांडणावर पिठलं करून आली की तिच्यातली शांती त्या पिठल्यात गेलेली असायची, आणि मग दिवसभर ती नवऱ्यावर, सहादूवर, खेकसत राहायची. सहादू गरीब माणूस. तो गोठ्यात जाऊन बैलांच्या अंगावरून हात फिरवत बसायचा. लोकांना हे कोण सांगणार? लोक तिच्या पाया पडत.

बहात्तर साली पाऊस झालाच नाही. त्याच्या आदल्या वर्षीही नावालाच झाला होता. विहिरींचे तळ दिसले. सहादूनं बैलजोडी सोनईकडच्या छावणीत नेऊन बांधली, आणि माघात त्यातला एक बैल तिथेच गेला. तेव्हापासून सहादूची झोप उडाली. अंथरुणावर तो नुसता आढ्याकडे बघत पडलेला असे. नेम आडवा होता म्हणून छबूबाईनं त्याला भाकरी करून घातली नाही. त्यानंही मागितली नाही.

गावाच्या खालच्या अंगाला पाझर तलावाचं काम निघालं, तेव्हा सगळं चिंचदरं घमेली घेऊन तिकडे गेलं. छबूबाई आणि सहादूही गेले. पूर्वेकडून, पाथर्डीच्याही पलीकडून, माणसं आली आणि माळावर पाचटाच्या झोपड्या करून राहिली. कामावर सुकडी, तो सरकारी पौष्टिक भुगा, मिळे आणि रेशनवर मिलो. तांबूस रंगाचं, परदेशातून आलेलं ते धान्य. त्याची भाकरी थापताना चिरायची, भाजताना तुटायची, आणि खाताना घशात अडकायची.

छबूबाईनं मिलोत गुण उतरवायचा प्रयत्न केला. चार वेळा केला, सगळे नेम पाळून. काही झालं नाही.

“परक्या मातीचं दानं हाय,” ती लोकांना म्हणाली. “आपल्या हाताची त्याला वळख न्हाई. ह्येच्यात गुन उतरायचा न्हाई, कुनाच्याच हातनं.”

लोकांनी ते मानलं. छबूबाईला वाईट वाटलं, पण फार नाही. जे कुणालाच येत नाही ते आपल्याला आलं नाही, त्यात कसला कमीपणा? आणि मग कडूबाई आली.

छबूबाईला तिचं नाव पहिल्यांदा कळलं ते भागिरथीकडून. भागिरथी शेजारची. तिचा नवरा पौषात गेला होता आणि तेव्हापासून ती रडून रडून अर्धी झाली होती. एके सकाळी कामावर जाताना ती छबूबाईला म्हणाली, “आक्का, काल दुपारी मी झोपले. तुमाला सांगते, गाढ झोपले. सपानबी न्हाई.”

“कशानं?”

“त्या पूर्वेकडच्या टोळीत एक बाई हाय, कडूबाई. तिनं चतकोर भाकर दिली.”

“कशाची भाकर?”

“मिलोचीच की. दुसरं हाय काय कुनाकडं?”

छबूबाई चालता चालता थांबली. मग म्हणाली, “दमली असशील. दमलेल्याला लागतीच झोप.”

पण तिच्या छातीत काहीतरी टोचलं ते टोचलंच. त्या दुपारी तिनं जेवणाच्या सुट्टीत पूर्वेकडच्या टोळीवर नजर ठेवली. कडूबाई तिशीची असेल. काळीसावळी, पुढचा एक दात पडलेला, लुगड्याला तीन ठिकाणी गाठी. तिच्याभोवती आठ-दहा बायका बसल्या होत्या. प्रत्येक जण आपली भाकरी तिला देत होती आणि तिच्या भाकरीतला तुकडा घेत होती. खाऊन झाल्यावर त्या बायका बाभळीखाली आडव्या झाल्या आणि भर उन्हात, माशा बसत असताना, लेकरांसारख्या झोपल्या.

तीन दिवस छबूबाईनं स्वतःला समजावलं. चौथ्या दिवशी सकाळी ती वाट वाकडी करून कडूबाईच्या झोपडीवरून गेली.

कडूबाई बाहेर तीन दगडांच्या चुलीपाशी बसून पीठ मळत होती आणि बोलत होती. समोर कुणीच नव्हतं. ती पिठाशी बोलत होती.

“असं चिरू नगंस रं. किती लांबून आलास, बोटीतून आलास म्हनं. तुझी मानसं तिकडं राह्यली व्हय? राहू दे. आता आमीच तुझी मानसं.”

मध्येच ती हसली. उजव्या हातानं मीठ टाकलं, थोडं वाटलं म्हणून पुन्हा टाकलं. मळलेल्या पिठाचा गोळा तोंडात टाकून चव बघितली. भाकरी तव्यावर पडली तर कडेनं चिरली, तिला तिनं बोटानं पाणी लावलं आणि म्हणाली, “हां, आता कसं!”

एकही नेम नाही. अकरा वर्षांत शिकलेलं एक अक्षर ही बाई पाळत नव्हती. आणि उलटली तेव्हा ती भाकरी टम्म फुगली.

“बसा की आक्का,” कडूबाईनं तिला पाहिलं आणि घाईघाईनं हात पुसले. “तुमी छबूआक्का ना? गावातल्या बाया सांगत्यात तुमचं. घ्या, गरम हाय.” तिनं भाकरी मोडून पुढे केली.

“उपास हाय माझा,” छबूबाई म्हणाली.

“आज? आज कसला उपास?”

“हाय एक.”

आणि ती निघाली. वाटेत तिला जाणवलं की आपण दात आवळून चाललोय, जबडा दुखतोय. तिच्यासमोर सासू दिसत होती, जाळ नीट लागला नाही म्हणून पाठीत फुंकणी घालणारी. झोपेविना काढलेल्या त्या रात्री, सहादूशी झालेली भांडणं, ते बंद ठेवलेलं तोंड तिला आठवत होतं. एवढं सगळं मोजून दिल्यावर जे हाताला लागलं, ते या दात पडलेल्या बाईला हसता हसता फुकट मिळालं होतं. शिवाय तिची झोपही जात नव्हती, कारण काल दुपारी ती स्वतःच त्या बायकांमध्ये घोरत पडलेली छबूबाईनं बघितली होती. देऊनही तिच्याकडचं संपत नव्हतं. हे सगळ्यात जास्त झोंबलं.

त्यानंतर छबूबाईला दुसरं काही सुचेना. घमेलं डोक्यावर असलं तरी डोळे पूर्वेकडच्या टोळीवर. कडूबाईचं हसणं वाऱ्यावर आलं की तिचा घास तोंडात फिरायचा. गावातली कुणी बाई “आक्का, पोराला ताप हाय” म्हणून तिच्या दारात आली नाही, असे आठ दिवस गेले. नवव्या दिवशी तिनं ते पाहिलं.

जेवणाची सुट्टी होती. सहादू तिच्या शेजारी नव्हता. तिनं शोधलं तर तो बाभळीखाली, पूर्वेकडच्या माणसांच्या ओळीत, डोक्याखाली पागोटं घेऊन झोपला होता. तोंड किंचित उघडं होतं. कपाळावरची आठी, जी माघापासून होती, ती गेली होती. शेजारी कडूबाईचा नवरा मच्छिंद्र बसला होता. तो हळूच म्हणाला, “उठवू नगा त्यास्नी. लई दिसांनी झोपल्यात म्हनत हुते.”

छबूबाई तिथे उभी राहिली. तिला आनंद व्हायला हवा होता. तिनं मनात शोधूनही पाहिला. सापडला नाही. दुसऱ्या बाईच्या हातचं खाऊन आपला नवरा सुखानं झोपलाय, एवढंच दिसत होतं. सहादू तिच्याच घरातून उठून दुसऱ्या घरात राहायला गेला असता, तरी तिला याहून जास्त लागलं नसतं.

दोन दिवसांनी कामावर वाद झाला. मुरमाचे दोन खड्डे होते, एक भरावाच्या जवळ आणि एक लांब. जवळचा खड्डा कुणाला, यावरून चिंचदऱ्याची टोळी आणि पूर्वेकडची टोळी भिडली. शिव्या झाल्या, एकमेकांची घमेली फेकली गेली. पुंजाराम मुकादम समजूतदार माणूस होता. त्यानं आठवड्यानं खड्डे बदलायचे असं ठरवलं, आणि म्हणाला, “उद्या दुपारी दोनी टोळ्या एका पंगतीला बसा. एकदा शेजारी शेजारी जेवलं की निम्मं भांडान तिथंच मिटतं.”

छबूबाई पुढे झाली. अशा पंगती तिनंच केल्या होत्या आजवर. पण मुकादमाची नजर तिच्यावरून पुढे गेली.

“कडूबाई, भाकरी तू करशील ना? तुझ्या भाकरीनं मानसं शांत व्हत्यात म्हनं.”

कडूबाई संकोचली. “छबूआक्का हायेत की...”

“छबूआक्कांचा हात मिलोला लागत न्हाई,” मुकादम सहज म्हणाला. त्याच्या मनात काही नव्हतं. मागून कुणीतरी हसलं. बहुधा दुसऱ्याच कशाला तरी हसलं असेल.

छबूबाई शांतपणे म्हणाली, “भाकरीबरोबर काय खातील मानसं? मी पिठलं करते. पिठल्यानं राग उतरतो, सगळ्यांना ठाव हाय.”

मुकादम खूश झाला. त्यानं कुठून कुठून हरभऱ्याचं पीठ मिळवलं, लसूण-मिरच्या आणवल्या, देवळातली मोठी कढई काढली.

दुसऱ्या दिवशी सकाळी छबूबाई चुलीपुढे बसली तेव्हा तिला राहीबाईचे शब्द आठवत होते. ती विसरली नव्हती. आपल्यात शांतीचा एक थेंब नाही, हे तिला कळत होतं. काय भरलंय तेही कळत होतं. जरा लांबवर कडूबाई भाकरी थापत होती, पिठाशी गप्पा मारत होती, आणि पाच-सहा बायका तिला हसून हसून हातभार लावत होत्या. छबूबाईच्या चुलीपाशी कुणी नव्हतं. गुणकरणीच्या चुलीपाशी कुणी येत नाही, असाच नेम होता.

ती उठू शकली असती. डोकं दुखतंय म्हणाली असती तरी चाललं असतं. तिनं जाळ घातला.

पीठ कालवलं. फोडणी दिली. एक शब्द बोलली नाही. मीठ डाव्या हातानं, एकदाच. इतके काटेकोर नेम तिनं आयुष्यात पाळले नव्हते. कढईत पिठलं रटरटायला लागलं तसं तिच्या छातीतून काहीतरी सुटत चाललं. बारा-तेरा दिवस आत बसलेला निखारा हळूहळू हातातून उलथन्यात, उलथन्यातून कढईत उतरला. कढई खाली घेतली तेव्हा ती हलकी झाली होती. इतकी हलकी, की तिला क्षणभर घेरी आली.

तिनं मान वर करून कडूबाईकडे बघितलं. उन्हानं डोळे बारीक केलेली एक दमलेली बाई दिसली. पहाटेपासून भाकरी थापून तिचे तळवे सोलले होते, मध्येच ती हात काखेत दाबून धरत होती. हे आपल्याला आधी कसं दिसलं नाही? आणि मग छबूबाईला कळलं की आपण काय केलंय.

तोवर मुकादमाच्या माणसांनी कढई उचलून नेली होती. पहिली पंगत बसली होती. ‘थांबा, खाऊ नका’ एवढेच शब्द होते. ती उठली, पाच पावलं गेली. पण सगळ्या माणसांसमोर ते कसं म्हणायचं? हेवा गेला होता, भीती जागच्या जागी होती. ती तशीच उभी राहिली आणि माणसांनी पहिला घास घेतला.

दोन-तीन घास पोटात गेले. मग एक जण म्हणाला, “त्याला दोन भाकरी आन् मला दीड?”

“माझं पिठलं पातळ का?”

“गाववाल्यांना कढईच्या मधलं वाढलं, आमाला कडंचं.”

माणसं एकमेकांच्या पत्रावळीत वाकून बघायला लागली. जावांनी एकमेकींच्या बांगड्या मोजल्या. एक म्हातारा शेजारच्या तरण्याला म्हणाला, “तुझं गुडघं दुखत न्हाईत ना, मग जवळचा खड्डा तुला कशाला?” हातात भाकरी घेऊन पुंजाराम मुकादम हजेरीच्या कारकुनाकडे बघत होता. त्याला खुर्ची होती, मुकादमाला नव्हती. मग मुकादम उठला आणि ती खुर्ची ओढायला लागला. कुणीतरी पत्रावळ उधळली, कुणीतरी घमेलं उचललं. मच्छिंद्रच्या हातातली भाकरी पूर्ण होती, मोडलेली नव्हती, एवढ्यावरून चिंचदऱ्याच्या एका गड्यानं फावड्याचा दांडा त्याच्या डोक्यात घातला.

रक्त पाहून माणसं थबकली. उतरलेला गुण एवढ्यानं जात नाही, पण दांडे खाली आले. मच्छिंद्रला बैलगाडीत घालून पारनेरला नेलं. नवऱ्याचं डोकं मांडीवर घेऊन कडूबाई गेली. तिनं सकाळपासून काही खाल्लं नव्हतं, त्यामुळे छबूबाई सोडली तर या सगळ्यात तीच एक भानावर होती, आणि माणसांना एकाएकी काय झालं हे तिला कळत नव्हतं.

मागे राहिलेल्यांना मात्र लगेच कळलं.

“त्या भाकरीनंच झालं. परक्या मातीचं दानं.”

“छबूआक्का सांगतच हुत्या, ह्येला गुन न्हाई म्हनून. बाधाच हाय त्यात.”

संध्याकाळी हजेरी घ्यायला सगळे जमले तेव्हा मुकादम म्हणाला, “कडूबाईचं आन् मच्छिंद्रचं नाव हजेरीपटावरनं काढा. उद्या माळ सोडून जाऊ दे त्यांना.”

नाव काढलं म्हणजे काम गेलं, सुकडी गेली, त्या वर्षी सगळंच गेलं. छबूबाई खाली बघत उभी होती. तिच्या शेजारी सहादू होता. त्यानंही पिठलं खाल्लं होतं. दिवसभर तो तिच्याशी बोलला नव्हता. आता एकदम बोलला, हळू नव्हे, सगळ्यांना ऐकू जाईल असा.

“मला कोनाचा हेवा वाटतोय म्हाईत हाय का तुला? दुपारपासनं जळतोय मी. त्या पारनेरच्या दोगा भावांचा. त्या सोनईच्या पाटलाचा. तू जिथं जिथं जाऊन रांधलंस त्या परत्येक घराचा. त्यांना शांती दिलीस आन् घरी येऊन माझ्यावर वरडलीस. समद्या तालुक्याला झोप वाढलीस तू. मी दोन महिनं आढ्याकडं बघत पडलो, मला येक तुकडा न्हाई. त्या परक्या बाईनं दिला.”

“नेम हुता, अवो,” छबूबाई कशीबशी म्हणाली.

“नेम मला सांगू नगंस.”

त्याचे डोळे भरले होते. छबूबाईनं त्याच्याकडे पाहिलं. एका कढईत ओतलेलं विष शंभर माणसांत वाटलं गेलं होतं आणि त्यातलं एक घोटभर याच्या वाट्याला आलं होतं. त्यातून हे बाहेर पडलं. तिच्या मनात त्या वेळी ना राग होता ना मत्सर. उद्या सूर्य उगवला की ते परत येणार, हेही तिला पक्कं ठाऊक होतं. परत आल्यावर आपण तोंड उघडणार नाही. कडूबाई गेली तर बरंच झालं, असं उद्या सकाळी आपल्याला वाटेल.

“नाव काढू नगा,” ती म्हणाली.

मुकादमानं तिच्याकडे बघितलं.

“भाकरीत काई नव्हतं. पिठल्यात हुतं. मी केलं ते पिठलं. मला तिचा हेवा वाटत हुता. पोटात ते घिऊन मी चूल पेटवली, मला कळत असताना पेटवली. तिचं नाव काढू नगा, माझं काढा.”

भागिरथी पदर तोंडाला लावून बाजूला झाली. मग चिंचदऱ्याचा तो दांडा मारणारा गडी मटकन खाली बसला आणि डोकं धरून रडायला लागला. मुकादमानं हजेरीपट मिटला. कुणाचंच नाव काढलं नाही. एवढंच म्हणाला, “छबूआक्का, या कामावर तुमी आता चुलीला हात लावायचा न्हाई.”

मच्छिंद्रच्या डोक्याला सात टाके पडले. तीन दिवसांनी तो परत आला. चौथ्या दिवशी छबूबाई कडूबाईच्या झोपडीवर गेली. हेवा तोवर परतला होता, पहिल्या दिवसापेक्षाही जोरात. पाय ओढत ती गेली. मच्छिंद्र आत पडून होता, कडूबाई चुलीपाशी. या वेळी ती बस म्हणाली नाही.

“कळलं मला सगळं,” कडूबाई म्हणाली.

“हां.”

“माझा मानूस मेला असता.”

“हां.”

बराच वेळ कडूबाई काटक्या मोडत राहिली. मग म्हणाली, “मला कोनी शिकवलं न्हाई, आक्का. माझी माय मी तान्ही असताना गेली. ही भाकर कशानं लागती, कशानं न्हाई, मला म्हाईत न्हाई. कदी लागती, कदी वाया जाती. तुमचं नाव ऐकलं, तवा वाटलं, ह्या बाईनं येकदा जवळ बसवून दाखवावं. त्या दिशी भाकर पुढं केली ती म्हनूनच. तुमी उपास हाय म्हनलात.”

छबूबाई चुलीपाशी खाली बसली. तिच्याकडे एकच द्यायला होतं, ते तिनं दिलं. चूल कशी लावायची, जाळ कधी मोठा, कधी बारीक, हुलगे किती वेळ भिजवायचे, कशात काय उतरतं. कडूबाई ऐकत होती. तिनं माफ केलं असं म्हटलं नाही, आणि छबूबाईनंही ते मागितलं नाही. चार-पाच वेळा ती तशी गेली. प्रत्येक वेळी कडूबाईला एका दमात समजलेलं बघून तिच्या पोटात पीळ पडायचा, आणि ती तो पीळ घेऊनच घरी यायची.

सहादूसाठी तिनं नेम मोडला. रेशनची दोन किलो बाजरी मिळाली तेव्हा त्याला भाकरी करून घातली. पहिल्या खेपेला काहीच झालं नाही. दुसऱ्या खेपेला तो घटकाभर झोपला. उठल्यावर म्हणाला, “जरा कच्ची हुती,” आणि दोघंही हसले. पुष्कळ वर्षांत हसले नव्हते.

पुढच्या साली पीकपाणी झालं. कडूबाई आणि मच्छिंद्र गावाकडे परतले नाहीत. राहात्याकडे उसाच्या कामाला गेले आणि तिकडेच राहिले. दोन वर्षांत तिचं नाव झालं. शिर्डीला जाऊन आलेली माणसं सांगायची, राहात्याला एक बाई आहे, तिच्या दारात बैलगाड्या लागतात.

हे ऐकलं की छबूबाई त्या दिवशी चुलीवर गुणाचं काही ठेवत नसे. आलेल्या माणसाला सरळ सांगायची, “आज न्हाई, परवा या. आज माझं पोट बरं न्हाई.”

एकदा सोनईची एक बाई सुनेला घेऊन आली. सून बाळंतपणात भ्यालेली होती, तिला रडूही येत नव्हतं. छबूबाईनं तिचा हात हातात घेऊन बघितला. हे आपल्या हाताबाहेरचं आहे, हे तिला कळलं. कुणाच्या हातातलं आहे तेही कळलं. तिनं सुनेचा हात हळूच खाली ठेवला.

“हिला राहात्याला न्या,” ती शेवटी म्हणाली. “कडूबाई म्हनून हाय. एस. टी. स्टँडवर कुनालाबी विचारा. छबूआक्कानं पाठवलंय म्हनावं.”

बाई उठली, सुनेला धरून निघाली. दारापर्यंत पोहोचली तेव्हा छबूबाईनं मागून हाक मारली.

“आन् ऐका. तिच्याकडं पुरनपोळी खाऊ नगा हां. ते मातर तिला अजाबात जमत न्हाई.”